आवाज जसाच्या तसा : कुराणपठण आणि विनाहानी ध्वनिमुद्रण

रत्नागिरी जिल्ह्याच्या दापोली तालुक्यात, भारजा नदी जिथे समुद्राला मिळते तिथे केळशी हे गाव आहे. महालक्ष्मीचे देऊळ आणि टेकडीवरचा याकूबबाबांचा दर्गा ही गावाची परिचित स्थाने. कोकणच्या या किनाऱ्यावरून मुंबईला आणि पुढे आखाती देशांत नोकरीसाठी जाण्याची वाट जुनी आहे. १९७० नंतरच्या काळात परतणाऱ्या माणसांच्या सामानातून इकडच्या अनेक घरांत कॅसेटचे टेपरेकॉर्डर आले आणि त्यांच्यासोबत अरब कारींनी केलेल्या कुराणपठणाच्या कॅसेटीही आल्या. आता कॅसेटची जागा फोनने घेतली आहे. पठणाच्या फाइलींवर 'लॉसलेस', म्हणजे 'विनाहानी', असा शब्द हल्ली वाचायला मिळतो. अशी फाइल आकाराने मोठी असते, उतरवून घ्यायला वेळ लागतो आणि फोनमधली जागा लवकर भरते.

मग ती घ्यावी का? तिच्यात नेमके काय असते, जे लहान फाइलीत नसते? आणि ते कानाला कळते का? या प्रश्नांची उत्तरे शोधताना भौतिकी, गणित आणि उच्चारशास्त्र या तिन्ही विषयांना हात घालावा लागतो. म्हणूनच वर्गात चर्चेला घेण्याजोगा हा विषय आहे.

कानाने शिकायचा ग्रंथ

कुराण वाचले जाते, पण त्याहून अधिक ते ऐकले आणि म्हटले जाते. पठणाच्या शुद्धतेचे नियम सांगणाऱ्या शास्त्राला तजवीद म्हणतात. कोणता वर्ण तोंडातल्या कोणत्या जागेतून उच्चारावा, कोणता स्वर किती मात्रा लांबवावा, नाकातून किती गुंजन यावे, कुठे थांबावे, हे सारे त्यात ठरलेले असते. हे नियम पुस्तकात लिहिता येतात, पण उच्चार पुस्तकातून येत नाही. शिक्षक म्हणतो, विद्यार्थी ऐकून म्हणतो, शिक्षक दुरुस्त करतो. आपल्याकडे वेदपठणाची रीतही अशीच आहे.

चूक शिरू नये म्हणून दोन्ही परंपरांनी युक्त्या योजल्या आहेत. वेदांच्या घनपाठात शब्दांचा क्रम १-२, २-१, १-२-३, ३-२-१, १-२-३ असा उलटसुलट फिरवतात. एखादा शब्द गळला किंवा बदलला तर तो लगेच खटकतो. रमजानमध्ये तरावीहच्या नमाजात हाफिज पाठ म्हणत असतो, तेव्हा मागे उभा असलेला दुसरा हाफिज लक्ष देऊन ऐकतो आणि चूक झाली तर योग्य शब्द सांगतो. याला 'लुकमा देणे' म्हणतात. चुका पकडण्याच्या या रीती लक्षात ठेवाव्यात. पुढे संगणकाच्या संदर्भात त्यांची पुन्हा गाठ पडेल.

यंत्राच्या साहाय्याने संपूर्ण कुराणाचे पठण जतन करण्याचा पहिला मोठा उपक्रम कैरोत झाला. लबीब अस-सईद यांच्या पुढाकाराने झालेल्या या कामात शेख महमूद खलील अल-हुसरी यांनी पठण केले आणि १९६१ मध्ये ते ध्वनिमुद्रिकांच्या रूपाने बाहेर आले. कैरोत १९६४ मध्ये केवळ कुराणासाठी वेगळे नभोवाणी केंद्रही सुरू झाले. अल-हुसरी १९८० मध्ये वारले, पण त्यांचा आवाज आजही जगभर शिकण्यासाठी ऐकला जातो. म्हणजे इथे ध्वनिमुद्रण करमणुकीपुरते राहत नाही, ते शिक्षकाचे काम करते. शिक्षकाचा आवाज वाटेत बिघडला तर विद्यार्थी बिघडलेलाच उच्चार शिकणार.

आवाजाचे आकडे

ध्वनी म्हणजे हवेच्या दाबातील चढउतार. मायक्रोफोन त्याचे विजेच्या चढउतारात रूपांतर करतो. अंकीय ध्वनिमुद्रणात हा चढउतार ठरावीक काळाने मोजून प्रत्येक वेळचा आकडा लिहून ठेवतात. रुग्णाचा ताप दर चार तासांनी मोजून तक्त्यावर मांडावा, तसेच हे. फक्त इथे मोजमाप सेकंदाला हजारो वेळा होते.

किती वेळा मोजावे? नमुना सिद्धान्त सांगतो की ध्वनीत जी सर्वांत मोठी वारंवारता जपायची असेल, तिच्या दुपटीहून अधिक वेळा मोजले पाहिजे. माणसाचा कान साधारण २० ते २०,००० हर्ट्झ ऐकतो आणि वयानुसार वरची मर्यादा खाली येते. १९८२ मध्ये बाजारात आलेल्या कॉम्पॅक्ट डिस्कसाठी सेकंदाला ४४,१०० नमुने ठरवले गेले, ते या हिशेबात बसतात. प्रत्येक नमुना १६ बिटांत लिहितात. त्यामुळे ६५,५३६ पायऱ्या मिळतात आणि अगदी हळू व अगदी मोठ्या आवाजात सुमारे ९६ डेसिबलचे अंतर मावते.

आता गणित करू. ४४,१०० × १६ × २, म्हणजे डावी-उजवी अशा दोन वाहिन्या धरून सेकंदाला १४,११,२०० बिट. एका मिनिटाला सुमारे १०.६ मेगाबाइट. कुराणाचे संपूर्ण पठण ३० तासांचे धरले, तर १९ गिगाबाइट जागा लागेल. याच पठणाला ६० मिनिटांच्या ३० कॅसेटी किंवा ७४ मिनिटांच्या २५ डिस्क लागतात. हा पसारा कमी करण्याच्या दोन वाटा आहेत, आणि त्या मुळातच वेगळ्या आहेत.

पहिली वाट : काही न गमावता आकार घटवणे

ओळीने आलेले सहा नमुने असे आहेत असे समजा : १२०, १३५, १४८, १५८, १६४, १६६. हे आकडे बेफाम उड्या मारत नाहीत. आधीच्या दोन आकड्यांवरून पुढच्याचा अंदाज येतो. नियम करू : मागची वाढ तेवढीच पुढे होईल. १२० नंतर १३५ आले, म्हणजे वाढ १५. तर पुढचा १५० असावा. प्रत्यक्षात १४८ आहे, म्हणजे अंदाज २ ने चुकला. असे करत गेल्यास मूळ सहा आकड्यांऐवजी १२०, १३५, -२, -३, -४, -४ एवढेच लिहून ठेवता येते. लहान आकडे लिहायला कमी बिट लागतात. आणि नियम ठाऊक असला की यावरून मूळ सहाही आकडे तंतोतंत परत मिळतात. विद्यार्थ्यांना फळ्यावर हे करून दाखवावे. दोन मिनिटांत विनाहानी संक्षेपणाचे मर्म हाती लागते.

जॉश कोल्सन यांनी तयार केलेली आणि २००१ मध्ये पहिली पूर्ण आवृत्ती निघालेली 'फ्लॅक' ही पद्धत मुळात हेच करते. उरलेले लहान आकडे थोडक्यात लिहिण्याची तिची युक्ती अमेरिकेच्या जेट प्रॉपल्शन लॅबोरेटरीतले रॉबर्ट राइस यांची आहे. १९७० च्या दशकात अंतराळयानांकडून येणारी माहिती आवळण्यासाठी त्यांनी ती शोधली. फ्लॅक फाइलीत मूळ सर्व नमुन्यांवरून काढलेली १२८ बिटांची एक पडताळणी संख्याही असते. फाइल उलगडल्यावर ती संख्या पुन्हा काढायची. एखादा बिट जरी बदललेला असेल तरी मेळ बसत नाही. मागे उभ्या हाफिजाप्रमाणे ती चूक दाखवते. मात्र ती योग्य शब्द सांगू शकत नाही, तेवढा माणूस यंत्राच्या पुढे आहे.

यातून एक मौजेचा निष्कर्ष निघतो. लांबवलेला 'आ' हा नियमित तरंग असतो, त्याचा अंदाज चांगला लागतो आणि जागा थोडी लागते. थांबलेल्या जागेची शांतता तर जवळजवळ फुकट पडते. याउलट 'स' हा हवेचा अनियमित खळखळाट असतो, त्याचा अंदाज लागत नाही. जुन्या टेपवरच्या खरखरीचेही तसेच. म्हणून तेवढ्याच लांबीचे, पण खरखरणाऱ्या कॅसेटवरचे पठण स्वच्छ ध्वनिमुद्रणापेक्षा अधिक जागा खाते. मोठी फाइल म्हणजे चांगला आवाज, हा समज त्यामुळे टिकत नाही.

दुसरी वाट : कानाला चुकवून वगळणे

वरचेच सहा आकडे जवळच्या दहाला पूर्ण केले, तर १२०, १४०, १५०, १६०, १६०, १७० मिळतात. लिहायला सोपे, पण मूळ आकडे परत मिळवण्याचा मार्ग संपला. हीच हानी.

१९९३ मध्ये आंतरराष्ट्रीय मानक म्हणून प्रसिद्ध झालेली आणि पुढे 'एमपी-३' या नावाने घराघरांत पोहोचलेली पद्धत ही हानी मोठ्या हुशारीने करते. जर्मनीतील फ्राउनहोफर संस्थेत कार्लहाइन्त्स ब्रांडेनबुर्ग आणि त्यांच्या सहकाऱ्यांचे यात मोठे काम आहे. ढोल वाजत असताना जवळच्या माणसाची कुजबुज ऐकू येत नाही. मोठा ध्वनी आपल्या आसपासच्या वारंवारतांच्या हळू ध्वनीला झाकतो. एमपी-३ आवाजाचे वारंवारतांनुसार पट्टे पाडते, कोणता भाग झाकला जाईल याचा हिशेब करते आणि तिथले आकडे ढोबळ करून टाकते. सेकंदाला १,२८,००० बिटांची एमपी-३ फाइल मूळ डिस्कच्या अकराव्या हिश्श्यात मावते. म्हणजे ३० तासांचे पठण पावणेदोन गिगाबाइटच्या आत बसते.

कोणत्या उच्चाराला धक्का लागतो?

हानी झाली तरी ती सर्व वर्णांवर सारखी होत नाही. तजवीद शिकणाऱ्यासाठी हा मुद्दा सर्वांत महत्त्वाचा आहे.

उर्दूच्या सवयीने वाचताना से, सीन आणि साद ही तिन्ही अक्षरे 'स' सारखीच म्हटली जातात. अरबीत ती वेगळी आहेत. 'सीन' म्हणजे आपला दंत्य स. 'से' म्हणताना जिभेचे टोक दातांच्या मध्ये येते, इंग्रजीतल्या 'थिंक' शब्दाच्या आरंभासारखे. 'साद' म्हणताना जिभेचा मागचा भाग उचलला जाऊन आवाज जड होतो.

सीन आणि से यांतला फरक मुख्यतः ४,००० हर्ट्झच्या वर असतो : तिथे 'स' जोरकस असतो, तर 'से' दुबळा आणि पसरट. साध्या टेलिफोनसाठी ठरवलेला पट्टा ३०० ते ३,४०० हर्ट्झ एवढाच. म्हणून तर फोनवर इंग्रजी 'एफ' आणि 'एस' सांगताना आपण नेहमी घोटाळ्यात पडतो. फार कमी बिटांत आवळलेल्या फाइलीत वरच्या वारंवारता गाळलेल्या असतात, आणि तिथेही सीन-से हा भेद पुसट होतो.

सीन आणि साद यांचे मात्र उलट आहे. साद ओळखू येतो तो मुख्यतः शेजारच्या स्वरावरून. त्या स्वराचा दुसरा अनुनादी पट्टा खाली सरकतो. हा बदल साधारण २,००० हर्ट्झच्या खालचा आहे, म्हणून तो टेलिफोनवरही बऱ्यापैकी टिकतो. स्वर दोन, चार की सहा मात्रा लांबवला, हे तर वेळेचे मोजमाप. त्याला कोणत्याही संक्षेपणाचा धक्का लागत नाही.

आणखी एक नाजूक जागा आहे. काफ, तोय, बे, जीम, दाल हे वर्ण स्वराशिवाय आले की शेवटी किंचित उसळी घेतात. त्याला कलकला म्हणतात. एमपी-३ आवाजाचे छोटे तुकडे करून प्रत्येकावर एकत्र प्रक्रिया करते. ४४,१०० नमुन्यांच्या ध्वनीत अशी एक चौकट सुमारे २६ सहस्रांश सेकंदांची असते. तिच्या मध्येच एखादा ध्वनी एकदम फुटला, तर ढोबळपणाची चूक त्याच्या आधीच्या शांत भागातही पसरते. चांगल्या प्रणाली अशा ठिकाणी तुकडे लहान करतात, पण बिट फारच कमी असले तर उसळीची धार बोथट होते. मशिदीतल्या पठणानंतर रेंगाळणारा घुमारही अशा फाइलीत पाण्याखालून आल्यासारखा वाटतो.

मग विनाहानी ऐकावे का?

सेकंदाला २,५६,००० बिट किंवा अधिक देऊन नीट तयार केलेली एमपी-३ फाइल आणि विनाहानी फाइल यांतला फरक बहुतेक लोकांना डोळे झाकून केलेल्या चाचणीत ओळखता येत नाही. ज्यांना फरक 'स्पष्ट' वाटतो, त्यांनाही फाइलीचे नाव झाकले की तो सापडेनासा होतो. केवळ ऐकण्यासाठी चांगली एमपी-३ पुरेशी आहे, असे आम्ही मोकळेपणाने सांगू.

शिक्षकांनी ही चाचणी वर्गात घ्यावी. एकाच ध्वनिमुद्रणाच्या दोन प्रती घ्या, दोन्हींचा आवाज समान ठेवा आणि नाणेफेक करून दहा वेळा वाजवा. निव्वळ अंदाजाने सरासरी पाच उत्तरे बरोबर येतात. नऊ किंवा दहा बरोबर येण्याची शक्यता १,०२४ त ११, म्हणजे सुमारे एक टक्का. तेवढी उत्तरे बरोबर आली, तरच फरक खरोखर ऐकू येतो असे मानावे.

दुसरा प्रयोग वजाबाकीचा आहे. संगणकावर ध्वनिसंपादनाची मोफत प्रणाली घेऊन मूळ ध्वनी आणि आवळून उलगडलेली प्रत तंतोतंत जुळवा, एकीचा तरंग उलटा करा आणि दोन्ही एकत्र वाजवा. फ्लॅकच्या बाबतीत पूर्ण शांतता मिळते. एमपी-३ च्या बाबतीत एक कुजबुज उरते. वगळले गेले ते हेच. या प्रयोगासाठी विद्यार्थ्याने वाचलेला मराठी परिच्छेद वापरावा. कुराणातील आयतींचा आवाज उलटा करणे, तोडणे हे अनेकांना अनादराचे वाटते, आणि प्रयोगाला तशी गरजही नाही.

शिवाय साखळीतला कच्चा दुवा बहुधा दुसरीकडेच असतो. फोनचा इवला स्पीकर, घुमणारी खोली, पंख्याचा आवाज यांनी होणारी हानी चांगल्या एमपी-३ च्या हानीपेक्षा कितीतरी मोठी असते. ब्लूटूथवरून ऐकताना विनाहानी फाइलही सामान्यतः वाटेत पुन्हा हानीसहच आवळली जाते. शिकण्यासाठी ऐकायचे असेल, तर आधी बरा वायरचा हेडफोन घ्यावा. आणि एमपी-३ चे फ्लॅक करून गेलेले परत येत नाही. पातळ केलेले ताक मोठ्या भांड्यात ओतल्याने घट्ट होत नाही. फाइलीचा वर्णपट पाहिल्यास लबाडी बहुधा उघडी पडते : १,२८,००० बिटांच्या एमपी-३ तून आलेल्या आवाजात साधारण १६,००० हर्ट्झच्या वर सहसा काहीच नसते. अर्थात जुन्या टेपवरचा आवाजही तिथवर पोहोचत नाही, म्हणून हा पुरावा नव्या ध्वनिमुद्रणापुरताच घ्यावा.

खरी गरज : जतन

मग विनाहानी पद्धतीचे मोल कशात आहे? ते प्रतीची प्रत काढताना कळते. हानीसह फाइल पुन्हा हानीसह आवळली की प्रत्येक वेळी थोडे आणखी गळते. एका फोनवरून दुसऱ्यावर, ध्वनिसंदेश म्हणून, मग कुणीतरी कापून पुन्हा, अशी चार-पाच हातांतून फिरलेली फाइल ऐकून पाहावी. विनाहानी फाइलीची शंभरावी प्रतही पहिल्यासारखीच असते. उद्या आजच्यापेक्षा चांगली पद्धत निघाली तर तिच्यात रूपांतर करायला मूळ आकडे हाताशी असतात.

कोकणातील घरांच्या दृष्टीने हा प्रश्न तातडीचा आहे. बाजारात विकल्या गेलेल्या पठणांच्या प्रती जगात अन्यत्रही आहेत. पण गावातल्या एखाद्या जुन्या उस्तादांनी केलेले पठण, आजोबांनी घरी म्हटलेली एखादी सुरा, किंवा देवळातले कीर्तन ज्या कॅसेटवर आहे, तिची दुसरी प्रत बहुधा नसते. किनाऱ्यावरच्या दमट हवेत फितीला बुरशी येते, चुंबकीय थर सुटू लागतो आणि ती वाजवणारी यंत्रेही दुर्मीळ होत आहेत. अशी फीत बहुतेकदा एकदाच नीट वाजते. त्या एका वेळी जागा वाचवण्यासाठी ३२,००० बिटांची एमपी-३ करून कॅसेट टाकून दिली, तर गेलेले कायमचे गेले.

म्हणून पुढील काळजी घ्यावी. बुरशी दिसणारी फीत घाईने वाजवू नये, जाणकाराला दाखवावी. टेपरेकॉर्डरचा हेड साफ करावा आणि त्याचा तिरपेपणा असा जुळवावा की 'स' सर्वांत स्वच्छ ऐकू येईल. हेड किंचित तिरपा असला तरी पहिल्यांदा वरच्या वारंवारताच जातात. स्पीकरसमोर फोन न धरता वायरने जोडावे. ध्वनिसंग्रहांच्या आंतरराष्ट्रीय संघटनेची शिफारस किमान सेकंदाला ४८,००० नमुने आणि २४ बिट अशी आहे. त्या मापाने फ्लॅकमध्ये ६० मिनिटांची कॅसेट एका गिगाबाइटच्या आत मावते. मूळ प्रतीत खरखर काढण्याचा प्रयत्न करू नये, तो दुसऱ्या प्रतीवर करावा. प्रती किमान दोन ठिकाणी ठेवाव्यात आणि कोणी, कुठे, केव्हा म्हटले हे लिहून ठेवावे. फोनवरून पाठवायची वेळ आली, तर ध्वनिसंदेश म्हणून न पाठवता 'दस्तऐवज' म्हणून पाठवावी. त्याने आकडे बदलत नाहीत.

शाळेतल्या विज्ञान मंडळाने अशा दहा कॅसेटी जरी वाचवल्या, तरी विद्यार्थ्यांना नमुना सिद्धान्त, संभाव्यता आणि उच्चारशास्त्र यांचा पाठ एकदमच मिळेल, आणि गावातल्या काही घरांना आपल्या माणसाचा आवाज जसाच्या तसा परत मिळेल. ऐकण्यापुरती लहान प्रत त्यातून केव्हाही काढता येते. लहान प्रतीतून मोठी मात्र कधीच निघत नाही.